एकार्टच्या ओठावरची मिशी

मित्रांनो, आधी पोटभर हसून घ्या. संग्रहालयातल्या या काचेला नाक लावून माझ्याकडे बघणारं प्रत्येक पोर हसतं, मला आता त्याचं काही वाटेनासं झालंय. मी मिशी आहे. जुनी आहे आणि त्यातून खोटी आहे. खालच्या पाटीवर 'अभिनेते एकार्ट पोलेन्झ यांची मिशी' असं लिहिलंय, ते अगदी खरं. शेजारी मला ओठावर लावून उभ्या असलेल्या, टोपीवाल्या माणसाचा मोठा फोटो टांगलाय, त्याबद्दल मात्र मला तुमच्याशी बोलायचंय. पण ते शेवटी सांगेन.

पुरुषाची शान म्हणून मी जन्मभर मिरवले, पण मूळची मी एका बाईच्या वेणीतली. युद्धानंतरच्या उपाशी दिवसांत कुणा बाईने आपली तांबूस वेणी कापून दिली आणि बदल्यात बटाटे नेले. ती वेणी हातोहात फिरत पूर्व बर्लिनच्या एका टीव्ही स्टुडिओत, रंगभूषेच्या खोलीत येऊन पडली. तिथे रोझविता नावाची बाई बसायची. ठेंगणी, चष्मेवाली, तोंडाने फटकळ. तिने बारीक जाळीचा तुकडा घेतला आणि आकडीने एकेक केस ओवून गाठ मारत मला घडवलं. असल्या कामाला घाई चालत नाही. घाईत केलेली मिशी तोंडावर चिकटवलेल्या झाडूसारखी दिसते, असं ती म्हणायची.

ज्याच्यासाठी मला घडवलं तो एकार्ट पोलेन्झ तेव्हा नुकताच ग्योर्लिट्झ गावच्या नाटकमंडळीतून आला होता. तिथे त्याच्या वाट्याला काय यायचं, तर निरोप घेऊन येणारा दूत, दुसरा शिपाई, 'बाईसाहेब, पाहुणे आलेत' एवढंच बोलणारा नोकर. एका नाटकात तर पडदा उघडायचा तेव्हाच हा मेलेला असायचा. तरी माणूस कधी कुरकुरला नाही. मेलेल्याचं कामही तो मन लावून करायचा, असं त्याच्या बरोबरचे सांगत.

त्याच्या वरच्या ओठावर डाव्या बाजूला एक व्रण होता. लहानपणी बॉम्बच्या धक्क्याने खिडकी फुटली आणि काच तिथे घुसली. रंगमंचावर लांबून कुणाला दिसायचा नाही, पण कॅमेऱ्याच्या नजरेतून काही सुटत नाही. खेडेगावातल्या एका भल्या हवालदाराची मालिका निघणार होती आणि एकार्टची उंची, चाल, डोळे सगळं जमत होतं. अडलं होतं ते ओठावर.

"ओठ झाक त्याचा, मग घेतो," दिग्दर्शक म्हणाला.

"झाकते. मिशीच अशी करते की ओठाकडे कुणी बघणार नाही," रोझविता म्हणाली.

तिने एकार्टला आडवं निजवलं, नाकात श्वासाला दोन नळ्या घातल्या आणि तोंडावर प्लास्टर ओतून त्याचा साचा घेतला. त्या साच्यातून त्याचा पांढरा चेहरा निघाला. डोळे मिटलेले, गाल गुळगुळीत आणि ओठावर तो व्रण, जसाच्या तसा. त्या चेहऱ्यावर टाचण्यांनी मला टोचून रोझविताने माझी मापं घेतली, डाव्या बाजूची जाळी व्रणावर बसेल अशी किंचित फुगवली. काम नसेल तेव्हा मी त्या प्लास्टरच्या ओठावरच राहायची. आमची जोडी तिथे जमली.

पहिल्या दिवशी रोझविताने राळेचा गोंद लावून मला एकार्टच्या ओठावर दाबून बसवलं.

"खाजतंय गं," एकार्ट म्हणाला.

"खाजू दे. उद्या लोक सलाम ठोकतील तेव्हा खाज विसरशील." मग तिने त्याच्या डाव्या खांद्यावरून तीनदा थू थू थू केलं. आमच्या नाटकवाल्यांची ही जुनी रीत. त्याने दृष्ट लागत नाही, काम पार पडतं. फक्त ज्याच्यासाठी थुंकलं त्याने आभार मानायचे नाहीत. मानले की केलेलं सगळं वाया जातं आणि वर अपशकुन होतो.

रोझविताचं म्हणणं खरं झालं. मालिकेचं नाव 'हवालदार श्नाबेल'. दर रविवारी संध्याकाळी गावोगावच्या घरांत बटाट्याचं सार टेबलावर यायचं आणि टीव्हीवर आम्ही यायचो. श्नाबेल कुणाची चोरलेली सायकल शोधून द्यायचा, भांडणाऱ्या शेजाऱ्यांना एका बाकावर बसवायचा आणि बोलण्याआधी मला दोन बोटांनी पीळ द्यायचा. तेवढं बघायला लोक आठवडाभर थांबत. चित्रीकरणाच्या मधल्या सुट्टीत एकार्ट मला लावूनच कोपऱ्यावरच्या बेकरीत जायचा, तर बेकरीवाली रांग मोडून हाका मारायची, "हवालदारसाहेब, इकडे या, इकडे! तुम्ही कशाला उभे राहता?" आणि चार पाव जास्तीचे पिशवीत टाकायची. संध्याकाळी तोच एकार्ट मला उतरवून तिच्याकडे गेला की तीच बाई म्हणायची, "अहो, रांग दिसत नाही का? मागे व्हा."

मी फुशारले नसते तर नवल. मला वाटायचं, मी आहे म्हणून हा आहे. आणि खरं सांगायचं तर ते खोटंही नव्हतं. एकार्टने दुसरं काम मागितलं की विभागाचा प्रमुख कॉम्रेड ड्रेशर हसायचा.

"एकदा तरी मला माझ्या तोंडाने काही करू द्या," एकार्ट म्हणायचा.

"तुझं तोंड कुणी पाहिलंय, पोलेन्झ? लोकांना मिशी ठाऊक. गुमान श्नाबेल कर आणि मजेत राहा."

एकार्ट गुमान श्नाबेल करायचा.

त्याचं खरं तोंड बघणारी एकच व्यक्ती होती, त्याची मुलगी कारोला. बायको लवकर गेली, पोरीला त्यानेच वाढवलं. एकदा चित्रीकरण फार लांबलं आणि तो गडबडीत मला लावूनच घरी गेला. कारोला तेव्हा पाच वर्षांची असेल. दारात बापाला बघून ती टेबलाखाली जाऊन बसली.

"श्नाबेल घरी नको. श्नाबेलला घालव. बाबाला आण."

"अगं, मीच बाबा."

"तू नाहीस. बाबाला गल्ली असते."

एकार्ट न्हाणीघरात गेला, मला उतरवून खिशात ठेवलं आणि परत आला. तेव्हा पोर बाहेर आली. त्याच्या मांडीवर चढून तिने त्याच्या ओठावरच्या व्रणावर बोट ठेवलं आणि खालून वर, वरून खाली फिरवलं. "गाडी चालली गल्लीतून," ती म्हणत होती. बापाला गुदगुल्या होत होत्या, पण तो हलत नव्हता. मी खिशात होते, सगळं ऐकत होते. मित्रांनो, तेव्हा मला पहिल्यांदा माझा अभिमान वाटेनासा झाला. त्यानंतर त्याने मला कधी घरी नेलं नाही.

वर्षं गेली. कारोला मोठी झाली, परिचारिका झाली. एका उन्हाळ्यात ती मैत्रिणीबरोबर हंगेरीला तळ्यावर सुट्टी घालवायला म्हणून गेली. तिथून चोरून सीमा ओलांडून पश्चिम जर्मनीत जायचा बेत होता, आमच्या सरकारची त्याला सक्त बंदी होती. तो तिने बापालाही सांगितला नव्हता, कारण आमच्याकडे ज्याला माहीत असेल तोही गुन्हेगार. कुंपणापाशी दोघी पकडल्या गेल्या.

एकार्टला ते रंगभूषेच्या खुर्चीत कळलं. मी निम्मी लागलेली होते. ड्रेशर आत आला, त्याने रोझविताला बाहेर जा म्हणून खूण केली. ती गेली नाही, ब्रश धुवायला म्हणून कोपऱ्यात वळली. ड्रेशरने थोडक्यात सांगितलं. मग खुर्ची ओढून एकार्टच्या अगदी जवळ बसला.

"एक भाग लिहून घेतलाय. श्नाबेलची मुलगी पळून जाते."

"श्नाबेलला मुलगी नाही."

"आता आहे. शेवटी श्नाबेल आपल्या दारात उभा राहतो आणि म्हणतो, 'जी हे दार ओलांडून गेली, ती माझी मुलगी नव्हे.' एवढंच. एक वाक्य आहे, पोलेन्झ. तू याहून मोठी भाषणं केलीस."

"आणि नाही म्हटलं तर?"

"तर दुसरं कुणी म्हणेल. मिशी आमच्याकडेच आहे." ड्रेशर उठला. "म्हणालास तर तिच्या शिक्षेचं काही बघता येईल. बघतोच असा शब्द देत नाही. बघता येईल."

तो गेला. मग रोझविता माझी दुसरी बाजू चिकटवायला आली.

"म्हणून टाक, एकार्ट. पाठ केलेलं वाक्य. नाटकात नोकर होऊन तू राजाला विष पाजलंयस."

"ते विष खोटं होतं, रोझी."

"हेही खोटंच."

"आपल्यासाठी. तिथे आत ती एकटी बसलीय. तिला कुणी येऊन सांगेल, तुझ्या बापाने सगळ्या देशासमोर असं म्हटलं. मग ती काय धरून बसेल?"

"आणि शिक्षा वाढली तर?"

 तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच. हो म्हटलं तरी पोर तुटते, नाही म्हटलं तरी पोर सडते.

चित्रीकरणाच्या दिवशी तो वेळेवर आला. रोझविताने मला लावलं, कोपरे दाबले, डाव्या खांद्यावरून थू थू थू केलं. एकार्टने आरशातून तिच्याकडे पाहिलं आणि म्हणाला, "आभारी आहे, रोझी."

तिचा हात तिथेच थांबला. इतक्या वर्षांत त्याने तो शब्द कधी तोंडातून काढला नव्हता.

सेटवर खोटं घर होतं, खोटं दार होतं, टेबलावर सॉसेज आणि मोहरीची बशी मांडली होती. दिवे लागले. ड्रेशर कॅमेऱ्यामागे उभा होता. एकार्ट दारात आला, टोपी काढली, मला पीळ द्यावा तशी दोन बोटं वर नेली आणि एका हिसक्यात मला ओढून काढलं. गोंद सोडवायला स्पिरिट लागतं, ते नसेल तर गोंदाबरोबर कातडी येते. ती आली.

"कारोला माझी मुलगी आहे," तो म्हणाला. "बाकीचं मला पाठ नाही."

त्याने मला सॉसेजच्या बशीशेजारी ठेवलं आणि निघून गेला. माझ्या जाळीला त्याच्या ओठाचं रक्त लागलं होतं. दिवे चालू राहिले, कुणी कुणाकडे बघेना. शेवटी कॅमेऱ्यावरच्या माणसाने विचारलं, "जेवणाची सुट्टी घ्यायची का?"

मग आला फोल्कमार. आयत्या बिळावर नागोबा म्हणून मी त्याला पुष्कळ शिव्या घातल्या, पण तो वाईट नव्हता. त्याला दोन लहान मुलं होती, सासरच्या एका खोलीत सगळे राहत होते आणि नवं घर मिळायची वाट बघत होते. त्याने नाही म्हटलं असतं तर तिसरा आला असता. रोझविताला हुकूम झाला, मिशी याला बसव. तिच्या घरी अंथरुणाला खिळलेली आई होती. तिने माझ्यावरचं रक्त धुतलं आणि मला फोल्कमारच्या ओठावर दाबलं. मी नीट बसेना. डाव्या बाजूला माझी जाळी फुगवलेली, ती एकार्टच्या व्रणासाठी. फोल्कमारचा ओठ सपाट, तिथे काहीच नव्हतं. मी तिकडे थोडी कलती राहिले ती कायमची.

फोल्कमार दारात उभा राहिला. टोपी खाली ओढलेली, निम्मं तोंड सावलीत. त्याने ते वाक्य एका दमात म्हटलं. मी त्या ओठावर होते, मित्रांनो. प्रत्येक शब्द मला हलवून बाहेर पडला.

रविवारी तो भाग लागला आणि सगळ्या देशाने पाहिला. शेवटी वर सरकणाऱ्या नावांतून एकार्टचं नाव काढलं होतं, फोल्कमारचं घातलंच नव्हतं. श्नाबेल जणू आपला आपणच होता. माणूस बदललाय हे काहींना नक्की कळलं असणार. पण आमच्याकडे गप्प राहणं लोक शाळेपासून शिकलेले. बेकरीवाली फोल्कमारलाही म्हणाली, "हवालदारसाहेब, इकडे या, इकडे." आणि वर आवाज खाली आणून म्हणाली, "पोटच्या पोरीला असं म्हणायला छाती लागते हो."

एकार्टला कुठल्याच स्टुडिओने, कुठल्याच नाटकमंडळीने दारात उभं केलं नाही. शेवटी तो मयताला बोलणारा झाला. आमच्याकडे पुष्कळ लोक पाद्रीबाबाला बोलवत नसत. त्याऐवजी स्मशानातल्या खोलीत एक माणूस उभा राहून गेलेल्याबद्दल चार शब्द बोलायचा. रोझविताची आई गेली तेव्हा एकार्टच आला होता. परत आल्यावर ती मला विंचरता विंचरता सांगत होती. तिला कामाच्या वेळी माझ्याशी बोलायची सवय होती.

"आई बटाट्याच्या वड्या कशा करायची, कुठल्या गाण्याला रडायची, सगळं विचारून गेला होता गं. आणि उघड्या तोंडाने बोलला. तुझ्याशिवाय बरा दिसतो." मग थोड्या वेळाने म्हणाली, "शेजारची म्हातारी विचारत होती त्याला, तुम्हाला कुठेतरी पाहिलंय. तर म्हणतो कसा, नाही हो, मी आपला बोलणारा माणूस."

त्याला अखेर उघड्या तोंडाचं काम मिळालं होतं. ऐकणाऱ्यांच्या माना मात्र खाली असायच्या.

पश्चिमेकडचं सरकार पैसे मोजून आमच्याकडचे असे कैदी सोडवून न्यायचं, त्यांच्याबरोबर कारोलालाही पुढे एका बसमध्ये बसवून पश्चिमेला सोडून दिलं, एवढं त्याला कळलं. मिळेल त्या पत्त्यावर त्याने लिहिलं. पत्रं न फोडता परत आली. रागावली असेल, तिकडे स्थिरावली की लिहील, असं तो रोझविताला म्हणायचा. तिला तुरुंगात काय ऐकवलं गेलं याची शंका त्याला होती, पण खात्री नव्हती. आणि आपण ते वाक्य म्हटलेलंच नाही, तेव्हा आपली पोर ते मानणार नाही, हा त्याचा विश्वास होता.

मग बर्लिनची भिंत पडली. मालिका बंद झाली, स्टुडिओचे विभाग एकेक करून बंद झाले. रंगभूषेची खोली रिकामी करायला माणसं आली. टोप, दाढ्या, गणवेश, सगळं अंगणातल्या लोखंडी पेटाऱ्यात फेकलं. घर फिरलं की वासेही फिरतात. ज्या टोपांना आम्ही राण्या म्हणायचो, ते पावसात भिजत पडले. रोझविताने एकार्टचा प्लास्टरचा चेहरा पदराखाली घ्यावा तसा कोटाखाली घेतला, मला खोकल्याच्या गोळ्यांच्या रिकाम्या डबीत टाकलं आणि आम्हाला एकार्टच्या घरी पोचवलं. त्याने चेहरा रेडिओच्या कपाटावर ठेवला. माझी डबी उघडून माझ्याकडे पाहिलं.

"कशी आहेस?" त्याने विचारलं.

पुन्हा त्याने मला कधी लावलं नाही, पण टाकूनही दिलं नाही.

त्याच घरात मी तो फोन ऐकला. कारोलाचा नंबर कुणाकडून तरी मिळाला होता. एकार्टने कोट घातला, केस विंचरले आणि मग नंबर फिरवला. पलीकडचा आवाज खोलीभर ऐकू येत होता.

"कारोला, मी बोलतोय."

"मी कोण?"

"बाबा."

 मग ती हळू आवाजात म्हणाली, "माझे बाबा टीव्हीवर दारात उभे राहिले तेव्हाच गेले. आधी चौकशीवाल्याने सांगितलं. मी त्याच्या तोंडावर हसले. मग माझ्या कोठडीत नवी बाई आली, तिने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं होतं."

"तू पाहिलंस?"

"मला बघायची गरज नाही."

"कारोला, तो मी..."

फोन बंद झाला. त्याने परत लावला, पुढच्या दिवशी परत लावला, कुणी उचलला नाही. एकार्ट कोट घातलेलाच खुर्चीत बसून राहिला. तिने मानलं होतं. ज्या एका गोष्टीसाठी त्याने सगळं सोडलं होतं, तीच हातातून गेली होती आणि वाक्य तर त्याने म्हटलंही नव्हतं.

"मी जाऊन सांगते तिला, तो फोल्कमार होता म्हणून," रोझविता म्हणाली. तिने फोन करून पाहिला. "तुम्ही त्या स्टुडिओतल्याच ना?" कारोलाने विचारलं. रोझविता हो म्हणाली आणि तिथेच बोलणं संपलं.

त्यानंतर एकार्टच्या घशात दुखू लागलं. डॉक्टरांनी कापाकापी केली, आवाज गेला. तो पाटीवर खडूने लिहून बोलायचा. फोनवर पाटी दाखवता येत नाही आणि पत्रं अजूनही न फोडताच परत येत. संध्याकाळी तो कपाटावरच्या पांढऱ्या चेहऱ्यासमोर बसायचा आणि स्वतःच्या ओठावर बोट फिरवायचा. एका नोव्हेंबरात तो गेला. मयताला बोलायला कुणी परका माणूस आणला होता. त्याने सगळं भाषण हवालदार श्नाबेलवर केलं, एकार्ट हे नाव एकदाच घेतलं, तेही कागदात बघून. हे मला रोझविताने सांगितलं. सांगताना तिने कंगवा टेबलावर आपटला.

कारोला मयताला आली नाही. पुढच्या आठवड्यात आली, कारण घर रिकामं करून द्यायचं होतं आणि त्याचं दुसरं कुणी नव्हतं. चाळिशीकडे झुकलेली, बापाचेच डोळे. किल्ली रोझविताकडे होती.

"मागे स्टुडिओतून म्हणून फोन तुम्हीच केला होता का?" कारोलाने विचारलं.

"मीच."

"मला लवकर निघायचंय. कपडे कुणाला तरी देऊन टाका."

तिने कोटही काढला नाही. रोझविताने तिला कॉफी दिली, ती तशीच निवत राहिली. रोझविताने टीव्ही लावला. तिला ठाऊक होतं काय लागणार आहे, वर्तमानपत्रात आलं होतं. पडद्यावर एक हसरी निवेदिका म्हणाली, नुकतेच दिवंगत झालेले लाडके अभिनेते एकार्ट पोलेन्झ यांच्या स्मरणार्थ आज आपण 'हवालदार श्नाबेल'चा सर्वांत गाजलेला भाग पाहू या. आताच्या टीव्हीवाल्यांपैकी कुणालाच काही माहीत नव्हतं. नावांच्या यादीत हवालदाराचं नाव नव्हतं, मग त्यांनी मिशी बघून ठरवलं.

कारोला उठली. "बंद करा ते."

"करते. एकदा बघ. मग बंद कर आणि हवं तर मलाही घराबाहेर काढ."

"तुम्हाला लाज कशी वाटत नाही?"

"वाटते. म्हणूनच म्हणते, बघ."

कारोला बटणावर बोट ठेवून उभी राहिली. खोटं घर आलं, खोटं दार आलं. दार उघडलं. टोपी दिसली, मी दिसले, डावीकडे जराशी कलती. ओठ हलले. 'जी हे दार ओलांडून गेली, ती माझी मुलगी नव्हे.'

कारोला वाकली आणि पडद्याच्या इतकी जवळ गेली की तिचा श्वास काचेवर उमटला.

"हे कोण?" ती म्हणाली.

रोझविता उठून तिच्या शेजारी येऊन उभी राहिली.

"रोझविताबाई, हे कोण आहेत? हे माझे बाबा नव्हेत."

"नव्हेत," रोझविता म्हणाली. "तुझे बाबा या पडद्यावरच्या दारातूनच मिशी उपटून निघून गेले. तू माझी मुलगी आहेस एवढं म्हणाले. बाकीचं मला पाठ नाही म्हणाले."

कारोलाने आत्ता कुठे कपाटावर पाहिलं. पांढरा चेहरा डोळे मिटून होता. तिने हात वर केला आणि ओठावरच्या व्रणावर बोट टेकवलं. खालून वर नेलं. "गाडी," ती म्हणाली. ती कोटासकट जमिनीवर बसली आणि चेहरा पोटाशी धरून रडली. टीव्ही चालूच होता. शेवटी नावं वर सरकू लागली तेव्हा तिने डोळे पुसून एकेक नाव वाचलं, अगदी शेवटच्या नावापर्यंत. बापाचं नाव त्यात नव्हतंच.

जाताना ती तो प्लास्टरचा चेहरा शालीत गुंडाळून घेऊन गेली. माझी डबी तिने उघडली, माझ्याकडे पाहिलं आणि झाकण लावून टेबलावर ठेवली. मला तिने नेलं नाही. बरोबर केलं तिने.

रोझविता होती तोवर मी तिच्याकडे होते. ती गेल्यावर तिच्या पुतणीने मला या संग्रहालयाला दिलं आणि इथल्यांनी मला या काचेत ठेवलं. मित्रांनो, आता त्या फोटोबद्दल. पाटीवर नाव एकार्टचं आहे, फोटो फोल्कमारचा आहे. नीट बघा, माझी डावी बाजू कलती दिसेल. हे सांगणारं आता माझ्याशिवाय इथे कुणी उरलं नाही, आणि माझं कोण ऐकतं.

तेव्हा तुम्ही ऐका. आपल्या माणसाने आपल्याला असं असं म्हटलं, हे कुणी तुम्हाला शपथेवर सांगितलं तरी आधी उठा आणि त्या माणसाच्या समोर जाऊन बसा. कारोलाला तुरुंगातून उठून जाता आलं नाही, तुम्हाला येईल. आणि जाताना दारातल्या तिकिटवाल्या बाईंना एवढं सांगा, की तो फोटो उतरवा. दुसरा मिळाला नाही तर जागा रिकामी ठेवा.